होंग क्योंग-प्यो यांचे छायालेखन: प्रत्येक चित्रपट वेगळा दिसतो, मग त्यांची शैली कोणती?

छायाप्रकाश

'पॅरासाइट' या कोरियन चित्रपटाच्या यशानंतर दिग्दर्शक बोंग जून-हो हे नाव आपल्याकडे चित्रपट पाहणाऱ्या बहुतेकांच्या तोंडी झाले, परंतु तो चित्रपट ज्यांनी कॅमेऱ्यात पकडला त्या होंग क्योंग-प्यो यांच्याविषयी मराठीत सविस्तर लिहिलेले माझ्या वाचनात आलेले नाही, म्हणून हा धागा काढत आहे. नव्वदच्या दशकाच्या अखेरीपासून ते छायालेखन करीत आहेत. 'इल मारे' (२०००), 'सेव्ह द ग्रीन प्लॅनेट' (२००३), 'तेगुकगी' (२००४), 'मदर' (२००९), 'स्नोपिअर्सर' (२०१३), 'सी फॉग' (२०१४), 'द वेलिंग' (२०१६), 'बर्निंग' (२०१८), 'पॅरासाइट' (२०१९), 'ब्रोकर' (२०२२) ही नावे नुसती वाचली तरी ध्यानात येते की यात हळवी प्रेमकथा आहे, युद्धपट आहे, भयपट आहे आणि दिग्दर्शकही एकमेकांपासून अगदी वेगळ्या प्रकृतीचे आहेत.

माझा प्रश्न असा आहे. काही छायालेखकांची एखादी चौकट पाहिली तरी काम कोणाचे ते ओळखता येते. होंग यांच्या बाबतीत तसे होत नाही. 'तेगुकगी' या युद्धपटातला चिखलात धावणारा, हादरे खाणारा कॅमेरा आणि 'बर्निंग'मधला शांतपणे दूर उभा राहणारा कॅमेरा एकाच माणसाचा आहे, हे श्रेयनामावली वाचल्याखेरीज कळणार नाही. मग त्यांना स्वतःची शैली आहे, की प्रत्येक दिग्दर्शकाला हवे ते उत्तम करून देणारे ते कसबी कारागीर आहेत?

माझे मत सांगतो. त्यांची शैली रंगात किंवा चौकटीच्या मांडणीत शोधून सापडणार नाही, कारण ती प्रकाशाच्या उगमात आहे. त्यांचे कोणतेही दृश्य थांबवून पाहिले तर किती वाजले असावेत आणि उजेड कोठून येतो आहे हे सांगता येते. शिवाय तो उजेड ज्या वस्तूतून येतो ती वस्तू कथेचाच भाग असते, मग ती खिडकी असो, ट्यूबलाइट असो, मशाल असो वा मावळता सूर्य. आपली मते वाचायला आवडतील. चर्चेत कथानके उघड होतील, तेव्हा ज्यांनी चित्रपट पाहिलेले नाहीत त्यांनी जपून वाचावे.

रानवारा

किती वाजले ते कळते, हे निरीक्षण 'द वेलिंग'ला तंतोतंत लागू पडते. शेवटी गल्लीत अडखळून उभा राहिलेला पोलीस, त्याच्यासमोर ती अनामिक बाई आणि कोंबडा तीनदा आरवेपर्यंत थांबण्याची तिने घातलेली अट, हा सगळा प्रसंग रात्रीच्या निळसर काळोखातून झुंजुमुंजूच्या राखाडी उजेडाकडे सरकत जातो. भयकथेत पहाट झाली की सुटका झाली, असे आपण धरून चालतो. येथे मात्र उजाडत जाते तसा जीव अधिक टांगणीला लागतो, आणि हे संवादांपेक्षा आकाशाच्या रंगाने अधिक साधले आहे.

भास्करराव

मला हे श्रेयवाटप मान्य नाही. बोंग जून-हो स्वतः चित्रे काढून संपूर्ण चित्रपटाचा स्टोरीबोर्ड, म्हणजे प्रत्येक दृश्याचा चित्ररूप आराखडा, तयार करतात. 'पॅरासाइट'चा स्टोरीबोर्ड पुस्तकरूपाने प्रसिद्धही झाला आहे. ते पुस्तक आणि चित्रपट शेजारीशेजारी ठेवून पाहा, कॅमेरा कोठे आहे, पात्र चौकटीच्या कोणत्या कोपऱ्यात आहे, हे सगळे आधीच कागदावर ठरलेले दिसते. श्रीमंतांचे ते घर कलादिग्दर्शक ली हा-जून यांनी उभारले. चौकट दिग्दर्शकाची, घर कलादिग्दर्शकाचे, मग छायालेखकाच्या वाट्याला उरते काय? त्यांनी काम चोख केले यात वाद नाही, पण चोख काम आणि शैली या दोन गोष्टी एकाच मापाने मोजू नयेत.

कॅमेऱ्यामागे

भास्करराव, मी मुंबईत कॅमेरा विभागात साहाय्यक म्हणून काम करतो, त्यामुळे आपल्या प्रतिसादाला जरा विस्ताराने उत्तर देतो.

स्टोरीबोर्डवर कॅमेरा कोठे ठेवायचा ते दिसते. सूर्य कोठे असेल ते दिसत नाही. 'पॅरासाइट'मधले श्रीमंत पार्क कुटुंबाचे घर हे कोरियातल्या जोनजू शहरात मोकळ्या जागेवर उभारलेला सेट होते. तळमजला आणि बाग तेथे बांधली आणि बाकीचे भाग स्टुडिओत. आता मोकळ्या जागेवर सेट बांधायचा म्हणजे पहिला प्रश्न येतो तो दिशेचा. बागेकडे उघडणारी ती भलीमोठी काच जर चुकीच्या दिशेला तोंड करून उभी राहिली, तर दिवसभरात हवा तेव्हा हवा तसा उजेड कधीच आत येणार नाही, आणि मग मोठे दिवे लावून खोटा सूर्य तयार करण्यावाचून पर्याय उरत नाही. ली हा-जून यांनी मुलाखतींत सांगितले आहे की चित्रीकरण ज्या वेळी करायचे त्या वेळी सूर्य कोठे असेल, हे लक्षात घेऊन खिडक्यांच्या जागा आणि आकार ठरवले गेले. होंग यांनीही वीट रचण्याआधी त्या जागेवर सूर्याचा मार्ग तपासला होता. म्हणजे 'घर कलादिग्दर्शकाचे' हे आपले विधान खरे असले तरी ते घर कोणत्या बाजूला तोंड करून उभे आहे, हा निर्णय छायालेखनाचा होता.

आता दुसऱ्या टोकाला पाहा. गरीब किम कुटुंबाची अर्धी जमिनीखाली असलेली खोली आणि ती सगळी गल्ली एका पाण्याच्या टाकीत उभारली होती, कारण पुढे पुराचे दृश्य त्याच जागेत चित्रित करायचे होते. त्या खोलीत दिवसाचा उजेड एका अरुंद खिडकीतून, रस्त्याच्या पातळीवरून येतो आणि बाकीचा वेळ हिरवट झाक असलेली ट्यूबलाइट जळत असते. पार्क यांच्या घरात रात्री दिवा दिसत नाही, फक्त त्याचा उबदार उजेड भिंतींवरून खाली उतरलेला दिसतो. गरिबाच्या घरात दिवा दिसतो आणि श्रीमंताच्या घरात नुसता उजेड दिसतो, ही गोष्ट पटकथेत कोठे लिहिलेली नसते, पण पाहणाऱ्याला ती न सांगता समजते.

यंत्रसामग्रीविषयीही थोडे लिहितो. हा चित्रपट आरी अलेक्सा ६५ या कॅमेऱ्यावर चित्रित झाला आहे. त्याचा सेन्सर, म्हणजे उजेड टिपणारा भाग, नेहमीच्या डिजिटल सिनेमा कॅमेऱ्यांपेक्षा बराच मोठा असल्यामुळे जागा पुष्कळ मावते आणि तरीही चेहरे ताणल्यासारखे दिसत नाहीत. हा कॅमेरा सहसा डोंगरदऱ्यांची भव्यता दाखवण्यासाठी निवडला जाईल असे वाटते. येथे तो चार माणसे कशीबशी बसतील अशा खोलीत वापरला गेला, आणि मला हा निर्णय फार धीट वाटतो.

इरावती

दिग्दर्शक की छायालेखक, हा वाद सोडवण्याची एक सरळ कसोटी आहे: तोच दिग्दर्शक दुसऱ्या छायालेखकाबरोबर काम करतो तेव्हा चित्रपट कसा दिसतो, ते पाहावे. कोरियन चित्रपटांच्या बाबतीत ही सोय उत्तम आहे.

दिग्दर्शक ना होंग-जिन यांचे पहिले दोन चित्रपट, 'द चेसर' आणि 'द यलो सी', ली सुंग-जे यांनी चित्रित केले. त्यांत कॅमेरा माणसांच्या मागे धावतो, श्वास लागल्यासारखा हलतो आणि शहराच्या रात्री दिव्यांच्या डागांनी भरलेल्या असतात. तिसरा चित्रपट 'द वेलिंग' होंग यांच्याकडे आला आणि कॅमेरा थबकला. डोंगर, त्यावर रेंगाळणारे धुके, ओलसर हिरवा रंग, पावसात भिजलेली घरे, आणि या सगळ्यात माणसे अगदी लहान. भीती माणसाच्या पाठलागातून न येता हवेतून येते.

'बर्निंग'चे दिग्दर्शक ली चांग-डोंग यांचे उदाहरण तर मला निर्णायक वाटते. 'सीक्रेट सनशाइन' आणि 'पोएट्री' हे दोन्ही चित्रपट मी मनापासून मानते, पण त्यांत कॅमेऱ्याकडे लक्ष जाऊ नये अशीच दिग्दर्शकाची इच्छा दिसते. चित्र साधे, रोजच्यासारखे. 'बर्निंग'मध्ये त्याच दिग्दर्शकाने आकाश पाहायला सुरुवात केली आहे. पाजू भागातले ते शेतातले घर, त्याच्या अंगणातून दिसणारी संध्याकाळ आणि पहाटेच्या धुक्यात एकेका ग्रीनहाऊसकडे धावत जाणारा नायक जोंग-सू यांपैकी काहीही आधीच्या दोन चित्रपटांत कल्पून पाहता येत नाही.

भास्करराव

इरावती, आपली कसोटी चांगली आहे, पण ती दोन्ही बाजूंनी कापते. 'बर्निंग' आणि 'पोएट्री' यांच्यामध्ये आठ वर्षे गेली. एवढ्या काळात दिग्दर्शकही बदलतो, कथेची गरजही बदलते. कादंबरीकार मुराकामी यांच्या कथेवरून घेतलेल्या, संशयावर उभ्या असलेल्या गोष्टीला 'पोएट्री'सारखे दिसून चाललेच नसते. बोंग यांचेच पाहा. 'मेमरीज ऑफ मर्डर' आणि 'द होस्ट' किम ह्योंग-गू यांनी चित्रित केले, 'ओक्जा' आणि 'मिकी १७' दारियस खोंजी यांनी. तरीही हे चारही चित्रपट बोंग यांचेच आहेत हे लांबून ओळखता येते. सातत्य दिग्दर्शकात आहे, हे यावरून सिद्ध होते.

छायाप्रकाश

भास्करराव, बोंग ओळखू येतात याविषयी कोणाचे दुमत नसावे. माझा प्रश्न त्यापेक्षा बारीक आहे: बोंग यांच्याच चित्रपटांत 'मदर', 'स्नोपिअर्सर' आणि 'पॅरासाइट' या तिघांना वेगळे काढणारे काही आहे का? मला वाटते आहे. या तिन्हींत उजेड कोणाच्या वाट्याला येतो यावर गोष्ट चालते. 'स्नोपिअर्सर'मध्ये आगगाडीच्या शेपटाकडच्या डब्यांना खिडक्याच नाहीत, आणि तेथली गरीब माणसे बंड करून पुढे सरकतात तसतसा बाहेरचा उजेड त्यांच्या डोळ्यांवर येतो. 'पॅरासाइट'मध्ये तीच गोष्ट उभ्या रेषेत मांडलेली आहे: वर ऊन, खाली ट्यूबलाइट, आणि त्याच्याही खाली तळघर.

कॅमेऱ्यामागे

'स्नोपिअर्सर'चा विषय निघालाच आहे म्हणून सांगतो. तो प्रागच्या बारांदोव स्टुडिओत, हलणाऱ्या यंत्रणेवर बसवलेल्या डब्यांमध्ये, ३५ मिमी फिल्मवर चित्रित झाला. कोरियन चित्रसृष्टी तोपर्यंत जवळजवळ पूर्णपणे डिजिटलकडे वळली होती. त्यातला बोगद्याचा प्रसंग आठवा. गाडी बोगद्यात शिरते, संपूर्ण काळोख होतो, कुऱ्हाडी घेतलेल्या सैनिकांना अंधारात पाहता येईल असे चश्मे आहेत आणि बंडखोर आंधळ्यासारखे कापले जात आहेत. मग शेपटाच्या डब्यातून पेटती मशाल हातोहात धावत पुढे आणली जाते. ती जशी जवळ येते तसा पडदा उजळत जातो. येथे दिवा हेच शस्त्र आहे, आणि प्रकाशयोजना व कथानक यांत फट उरलेली नाही. फिल्मवर हे करताना चित्रीकरणाच्या जागी नेमके काय उमटले ते लगेच कळत नाही. अंदाजावर आणि अनुभवावर भिस्त ठेवावी लागते. अंधारात मशालीच्या उजेडावर एवढा मोठा प्रसंग बेतणे हे छातीचे काम आहे.

सुवोनकर

नोकरीनिमित्त काही वर्षे दक्षिण कोरियात राहतो आहे. येथल्या उन्हाविषयी लिहिणे आवश्यक वाटते, कारण महाराष्ट्रात बसून चित्रपट पाहताना ही गोष्ट सहजी लक्षात येत नाही.

सोल ३७ अक्षांशाच्या वर आहे. डिसेंबरमध्ये भर दुपारी बारा वाजता सूर्य क्षितिजापासून सुमारे २९ अंशांवर असतो. मुंबईत त्याच दिवशी तो ४७ अंशांवर चढलेला असतो. म्हणजे आपल्याकडे उतरत्या दुपारी दिसते तशी लांब सावली येथे हिवाळ्यात दिवसभर असते, आणि ऊन खिडकीतून थेट खोलीच्या मागच्या भिंतीपर्यंत पोचते. संधिप्रकाशही मुंबईपेक्षा थोडा अधिक वेळ रेंगाळतो. अशा प्रदेशात कोणते घर कोणत्या दिशेला तोंड करून आहे याला फार महत्त्व असते; दक्षिणेकडे तोंड असलेल्या घराला येथे आवर्जून पसंती दिली जाते. त्यामुळे 'पॅरासाइट'मधली ती काच आणि ती अरुंद खिडकी पाहताना येथल्या प्रेक्षकाला जे जाणवते, ते आपल्याला थोडे विचार करून समजून घ्यावे लागते. आपण उन्हापासून पळतो, येथे उन्हासाठी जास्त पैसे मोजले जातात.

सोलच्या आह्योन-डोंग भागातल्या ज्या चढाच्या गल्लीत आणि दुकानापाशी 'पॅरासाइट'चे काही चित्रीकरण झाले, तेथे मी गेलो आहे. जाहामुन बोगद्याजवळच्या त्या पायऱ्याही पाहिल्या आहेत, जेथून पावसात भिजलेले कुटुंब खाली उतरत जाते. प्रत्यक्षात त्या जागा अगदी साध्या आहेत, शेजारून रोज जाणारा माणूस मान वळवून पाहणार नाही अशा. चित्रपटात मात्र ते उतरणे संपता संपत नाही. वेगवेगळ्या ठिकाणच्या पायऱ्या, उतार आणि बोगदा जोडून ती एकच वाट भासते, आणि रस्त्यावरच्या दिव्यांचा उजेड खाली जाऊ तसा अधिक गढूळ होत जातो.

मेधा

'बर्निंग'मधल्या नाचाविषयी अद्याप कोणी लिहिले नाही, म्हणून मी लिहिते.

जोंग-सू, त्याला आवडणारी हे-मी आणि तिचा श्रीमंत मित्र बेन अंगणात बसले आहेत. सूर्य मावळला आहे किंवा मावळण्याच्या बेतात आहे. उत्तर कोरियाची सीमा इतकी जवळ आहे की तिकडच्या ध्वनिवर्धकांचा आवाज या घरापर्यंत येतो. खांबावर कोरियाचा झेंडा हलतो आहे. गाडीतून जॅझ वादक माइल्स डेव्हिसचा ट्रम्पेट वाजू लागतो आणि हे-मी उठते, अंगातला टॉप काढून टाकते आणि आमच्याकडे पाठ करून क्षितिजाकडे तोंड करून नाचू लागते. तिचा चेहरा दिसत नाही; काळी आकृती दिसते आणि हातांनी केलेला पक्ष्याचा आकार आकाशावर उमटतो. कॅमेरा तिच्याबरोबर हळूच सरकत राहतो. संगीत थांबते, ती तशीच नाचत राहते, मग रडू लागते, आणि त्या क्षणी कॅमेरा तिला सोडून देतो आणि शेजारच्या झाडांकडे व काळवंडत चाललेल्या शेताकडे वळतो.

या दृश्यात उजेड कमी होत जाताना आपण प्रत्यक्ष पाहतो. असा उजेड दिवसातून फार तर काही मिनिटे मिळतो, म्हणून हा प्रसंग एकापेक्षा अधिक संध्याकाळी, त्याच थोड्या वेळात, पुन्हा पुन्हा चित्रित करावा लागला. स्टुडिओत आकाशाचा पडदा लावून हे एका दुपारी उरकता आले असते. परंतु हे-मी पुढे चित्रपटातून नाहीशी होणार आहे, आणि तिचे ते नाहीसे होणे याच दृश्यात उजेडाच्या ओसरण्याने सुरू झालेले आहे. पुन्हा पाहताना मला हा प्रसंग पूर्वीपेक्षा अधिक सोसवत नाही.

आणखी एक जागा. हे-मीची सोलमधली खोली उत्तरेकडे तोंड करून आहे, तिथे ऊन येत नाही. नामसान मनोऱ्याच्या काचेवरून परावर्तित झालेली तिरीप तेवढी दिवसातून एकदा, क्षणभर, आत येते, असे ती जोंग-सूला सांगते. पुढे ते दोघे जवळ येतात तेव्हा जोंग-सूची नजर भिंतीवर पडलेल्या त्या उजेडाच्या तुकड्याकडे जाते. ऊनही उसने, तेही दुसऱ्याच्या काचेवरून आलेले. सुवोनकर, आपण दिशांविषयी लिहिले ते वाचून या खोलीचा अर्थ अधिक लागला, आपले आभार.

सुवोनकर

मेधाताई, फार नेमके लिहिले आहे. पाजूचे शेत, ते आवाज आणि ती मोकळी सपाट जमीन हे सगळे तेथे खरोखरीच तसे आहे.

साताराचा

एक व्यावहारिक अडचण विचारतो. 'द वेलिंग' घरच्या टीव्हीवर पाहिला, त्यातले रात्रीचे निम्मे प्रसंग दिसलेच नाहीत. एवढा अंधार ठेवण्यात कोणते कौशल्य आहे?

कॅमेऱ्यामागे

अंधार मुद्दाम ठेवलेला आहे, पण तो काळ्या पडद्यासारखा सपाट नाही. त्यात डोंगराची कड, माणसाचा खांदा, पावसाची रेघ इतके दिसणे अपेक्षित आहे. दिवसा, खिडकीचे पडदे उघडे ठेवून टीव्हीवर पाहिले तर ही खालची पातळी सगळी एकत्र मिसळून जाते. टीव्हीवर 'व्हिव्हिड' नावाची जी सेटिंग असते ती बंद करून 'सिनेमा' किंवा 'फिल्ममेकर' अशी सेटिंग लावावी आणि खोलीतले दिवे घालवावेत. मोबाइलवर तर हा चित्रपट पाहूच नये.

अभिजात

उजेडाचा सिद्धांत पटण्यासारखा असला तरी त्याने सगळे उलगडत नाही. माझ्या मते होंग यांच्या कारकिर्दीत एक दुसरा धागा अधिक ठळक आहे: बंदिस्त जागा. १९९९ सालचा 'फँटम: द सबमरीन' हा पाणबुडीतला चित्रपट त्यांनीच चित्रित केला. त्यानंतर 'स्नोपिअर्सर'मधली आगगाडी, 'सी फॉग'मधली मासेमारीची बोट आणि 'पॅरासाइट'मधले तळघर. अशा जागेत कॅमेरा मागे सरकवायला वाव नसतो, दिवे लपवायला आडोसा नसतो आणि माणसे एकमेकांना चिकटून उभी असतात. या अडचणीतून मार्ग काढण्याचे शिक्षण त्यांना सुरुवातीलाच मिळाले, आणि पुढे मोठ्या दिग्दर्शकांनी त्यांना अशाच जागांसाठी बोलावले.

'सी फॉग' फार कमी लोकांनी पाहिलेला आहे, म्हणून त्याविषयी थोडे सांगतो. बोटीतून चोरून आणलेल्या स्थलांतरितांचा मासे साठवण्याच्या खणात गुदमरून मृत्यू होतो; २००१ साली कोरियाच्या समुद्रात अशी घटना खरोखर घडली होती. दिग्दर्शक शिम सुंग-बो, निर्मात्यांमध्ये बोंग. बोटीभोवती धुके दाटते आणि समुद्रासारखी अथांग जागादेखील खोलीएवढी लहान होऊन जाते. डेकवर पिवळट दिवा, त्याच्याभोवती दुधी धुके आणि पलीकडे काही नाही. उघड्यावर असूनही माणूस कोंडला जातो, हे येथे जसे दिसते तसे मी अन्यत्र पाहिलेले नाही.

छायाप्रकाश

अभिजात, आपला मुद्दा मला माझ्या मताचाच पुढचा भाग वाटतो. जागा बंद असली की उजेड यायला एकच वाट उरते, आणि त्या एका वाटेवर सगळे नाट्य उभे करता येते. आपणच वर्णन केलेली बोट घ्या: दिवा एक, धुके त्याच्याभोवती.

अभिजात

मग 'इल मारे'चे काय? तो चित्रपट जवळजवळ सगळा मोकळ्या आकाशाखाली आहे.

रानवारा

'इल मारे'त तर उजेडाखेरीज दुसरे काही नाहीच! सोकमोदो बेटावर भरती-ओहोटीच्या चिखलात खांबांवर उभारलेले ते घर, दोन वर्षांच्या अंतराने तेथे राहणारी दोन माणसे आणि त्यांना जोडणारी पत्रपेटी. ते घर केवळ चित्रपटासाठी बांधले होते आणि नंतर वादळात नष्ट झाले. पश्चिम किनाऱ्यावर सूर्य समुद्रात मावळतो, ओहोटीच्या ओल्या चिखलावर त्याचा रंग पसरतो, आणि दोघांच्या काळातला फरक संवादांपेक्षा ऋतू आणि उजेड यांतून कळतो. पुढे हॉलिवूडने याच कथेवर 'द लेक हाऊस' काढला. कथा तीच राहिली, तो किनारा मात्र त्यांना मिळाला नाही.

इरावती

येथे दुसऱ्या एका कोरियन छायालेखकाशी तुलना करण्याचा मोह होतो. चुंग चुंग-हून यांनी पार्क चान-वूक यांच्याबरोबर 'ओल्डबॉय', 'लेडी व्हेंजन्स', 'थर्स्ट', 'द हँडमेडन' केले आणि मग 'इट', 'लास्ट नाइट इन सोहो', 'वाँका' असे इंग्रजी चित्रपट केले. त्यांचे काम पाहताना नजर चौकटीवर खिळते: भिंतींवरची नक्षी, सममिती, गडद हिरवा आणि तांबडा, कॅमेऱ्याची डौलदार हालचाल. होंग यांचे काम पाहताना चौकट विसरली जाते आणि हवा आठवते. दोघांत थोर कोण हा प्रश्न मी विचारणार नाही, पण होंग हॉलिवूडकडे न वळता जपानकडे वळले, हे मला त्यांच्या स्वभावाशी सुसंगत वाटते. ली सांग-इल यांचा 'वाँडरिंग' त्यांनी जपानमध्ये केला आणि जपानी दिग्दर्शक कोरे-एदा यांचा 'ब्रोकर' कोरियात. ज्या दिग्दर्शकांना थांबणे मान्य आहे अशांबरोबर ते अधिक खुलतात.

साताराचा

एवढे सगळे असूनही ऑस्करला त्यांना छायालेखनाचे नामांकनही मिळाले नाही, याचे आश्चर्य वाटते.

कॅमेऱ्यामागे

'पॅरासाइट'ला सहा नामांकने होती, त्यांत संकलन आणि कलादिग्दर्शनही होते. छायालेखन मात्र नव्हते. त्या वर्षीची यादी '१९१७', 'जोकर', 'द आयरिशमन', 'द लाइटहाउस' आणि 'वन्स अपॉन अ टाइम इन हॉलिवूड' अशी होती आणि पुरस्कार '१९१७'ला मिळाला. यातल्या बहुतेक चित्रपटांत छायालेखनाचे श्रम पडद्यावर दिसतात: एकाच सलग दृश्यासारखी मांडणी, कृष्णधवल चित्र, जवळजवळ चौकोनी पडदा. 'पॅरासाइट'मध्ये श्रम दिसू नयेत यासाठीच सगळे श्रम घेतलेले आहेत. तरीही मला तो अन्यायच वाटतो. ज्या घराच्या कलादिग्दर्शनाला नामांकन मिळाले, त्या घरातला उजेड कोणाला दिसू नये, हे पटत नाही.

भास्करराव

या चर्चेतून एक प्रश्न सुचतो. बोंग यांनी 'मदर' आणि 'पॅरासाइट' या दोन्ही चित्रपटांच्या कृष्णधवल आवृत्त्या काढल्या, आणि दोन्ही चित्रपट होंग यांचेच आहेत. रंग काढून घेतल्यावर ट्यूबलाइटचा हिरवटपणा आणि श्रीमंत घरातला उबदारपणा, म्हणजे आपण वर ज्याची स्तुती केली त्यातले निम्मे, नाहीसे होते. तरीही चित्रपट टिकतो का?

मेधा

टिकतो, आणि माझ्या मते भास्कररावांच्या या प्रश्नातच मूळ प्रश्नाचे उत्तर आहे. 'पॅरासाइट'ची कृष्णधवल आवृत्ती पाहताना हिरवटपणा जातो हे खरे, पण खिडकीचा आकार जात नाही. वरच्या घरात उजेड भिंतभर रुंद येतो आणि चेहऱ्याच्या दोन्ही बाजू मऊ राहतात. खालच्या घरात तो एका फटीतून येतो आणि अर्धा चेहरा काळोखात राहतो. रंग वजा केल्यावरही कोण कोठे राहतो हे चेहऱ्यावर वाचता येते. पहिली चौकट आठवा: खिडकीपाशी वाळत टांगलेले मोजे, बाहेर रस्ता, आणि तेथून कॅमेरा सरळ खाली उतरून मोबाइल हातात धरलेल्या मुलापाशी येतो. चित्रपटाच्या अखेरीस हीच हालचाल पुन्हा होते. बाहेर रात्र आणि बर्फ. दोन्ही वेळा कॅमेरा खिडकीकडून खाली अंधाराकडे उतरतो. हे रंगावर अवलंबून नाही.

'मदर'मध्येही तसेच. शेवटी सहलीला निघालेल्या बसमध्ये बायका नाचत आहेत, आई स्वतःच्या मांडीवर सुई टोचून घेते आणि उठून त्यांच्यात मिसळते. कॅमेरा बसच्या बाहेर, दुरून जवळचे दाखवणाऱ्या लांब लेन्सवर. सूर्य बसच्या पलीकडच्या बाजूला अगदी खाली, आणि त्याचे किरण खिडक्यांतून आरपार येतात. कोणती आकृती आईची आणि कोणती दुसऱ्या कोणाची हे हळूहळू कळेनासे होते. त्यासाठी सूर्य, बस आणि कॅमेऱ्याची गाडी या तिन्ही गोष्टी धावत्या रस्त्यावर एका रेषेत याव्या लागतात.

भास्करराव

मेधाताई, बसच्या प्रसंगापुढे माझा आक्षेप बराच सौम्य होतो. दिग्दर्शकाने 'आई गर्दीत हरवते' असे लिहिले असेल. ती उन्हात हरवते हे छायालेखकाने ठरवले असेल, इतके मी मान्य करतो. तरीही शैली या शब्दापेक्षा मी 'वृत्ती' म्हणेन. शैली कामावर उमटते. वृत्ती कामाच्या आधी, जागा निवडताना आणि वेळ ठरवताना दिसते.

छायाप्रकाश

भास्करराव, वृत्ती म्हणायलाही माझी हरकत नाही, मात्र ती वृत्ती पडद्यावर दिसते एवढे आपण मान्य करावे. 'तेगुकगी' आणि 'बर्निंग' यांतला जो विरोध मी सुरुवातीला मांडला, त्याविषयी इतक्या प्रतिसादांनंतर मला असे वाटू लागले आहे की कॅमेरा हलतो की स्थिर राहतो, ही बाब होंग दिग्दर्शकावर आणि कथेवर सोडतात. दिवसाची वेळ मात्र ते सोडत नाहीत.

पहिलटकर

मी यांतला फक्त 'पॅरासाइट' पाहिला आहे. पुढे कोणत्या क्रमाने पाहावे?

इरावती

'मदर' आधी पाहावा, कारण तो 'पॅरासाइट'च्या सर्वांत जवळचा आहे. त्यानंतर 'बर्निंग', तोही घाई नसलेल्या दिवशी, कारण पहिल्या तासात काहीच घडत नाही असे वाटून पुष्कळ जण तो अर्ध्यावर सोडतात. 'द वेलिंग' लहान मुले झोपल्यावर पाहावा. अडीच तासांपेक्षा मोठा आहे आणि कॅमेऱ्यामागे यांनी सांगितलेली टीव्हीची सेटिंग आधी करून घ्यावी. 'सी फॉग' मिळाला तर अवश्य पाहावा. ना होंग-जिन यांच्या 'होप'चे छायालेखनही होंग यांचेच आहे, आणि तो मात्र घरी न पाहता चित्रपटगृहातच पाहावा, असे माझे आग्रहाचे सांगणे आहे.